इमारतीचे आयुष्य कोण ठरवतो?

बांधकाम व्यवसायाच्या परिषदांमधून, नगरपालिकांच्या परिपत्रकांमधून आणि सदनिकांच्या जाहिरातींमधून 'हरित इमारत' आणि 'शाश्वत बांधकाम' हे शब्द आता सर्रास ऐकू येतात. छतावर सौरपट्ट्या, सांडपाण्यावर प्रक्रिया करून बागेला पाणी, राखेच्या विटा, ऊन अडवणारी काच, एवढे केले की इमारत पर्यावरणाची मित्र ठरते आणि तिला तसे प्रमाणपत्रही मिळते. या गोष्टी वाईट आहेत असे कोणी म्हणणार नाही. परंतु ज्या जागेवर ही हरित इमारत उभी राहते त्या जागेवर काल काय उभे होते, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. मुंबईची उपनगरे, ठाणे आणि पुणे येथे पुष्कळदा त्याचे उत्तर असे असते की, तेथे काँक्रीटची एक चार मजली इमारत होती, तिला पस्तीस-चाळीस वर्षे झाली होती, गच्ची गळत होती, गिलावा सुटला होता, पण खांब आणि तुळया अजून शाबूत होत्या; आणि ती पाडण्यात आली.

नीट बांधलेल्या आणि निगा राखलेल्या काँक्रीटच्या इमारतीकडून पन्नास-साठ वर्षांच्या सेवेची अपेक्षा करणे मुळीच अवाजवी नाही. मग तिचा अंत तिसाव्या-पस्तिसाव्या वर्षी का होतो? इमारत जुनी झाली म्हणून ती पाडली जाते असे सांगितले जाते. वास्तविक तिच्याखालची जमीन महाग झालेली असते, आणि म्हणून ती जुनी ठरवली जाते. बांधकामाच्या पर्यावरणीय प्रश्नाचा गाभा या एका गोष्टीत आहे. सिमेंट कोणते आणि वीट कसली हे त्यानंतरचे प्रश्न आहेत.

तरीही आधी सिमेंटकडे पाहणे जरूर आहे, कारण इमारत पाडणे म्हणजे काय पाडणे, याचा हिशेब त्याखेरीज लागत नाही. चुनखडी सुमारे १,४५० अंश सेल्सिअसपर्यंत तापवली म्हणजे सिमेंटचा मूळ पदार्थ तयार होतो. ही भट्टी पेटवण्यासाठी कोळसा जळतो आणि त्याचा धूर होतो, हे सर्वांना समजते. पण निम्म्याहून अधिक कार्बन वायू इंधनातून येत नाही, तो चुनखडीतूनच बाहेर पडतो. १०० किलो शुद्ध चुनखडी भाजली की ५६ किलो चुना हाती लागतो आणि ४४ किलो कार्बन डायऑक्साइड हवेत जातो. भट्टी उद्या सूर्याच्या उष्णतेवर चालवली तरी हे ४४ किलो चुकत नाहीत. जगात माणसाच्या उद्योगांतून जेवढा कार्बन वायू हवेत जातो, त्याचा सात ते आठ टक्के हिस्सा एकट्या सिमेंटचा आहे. सिमेंटच्या उत्पादनात चीनच्या खालोखाल भारताचा क्रमांक आहे. महाराष्ट्रात राजुरा-कोरपना भागातील चुनखडीवर जे कारखाने चालतात त्यांची धूळ चंद्रपूर जिल्ह्याने खायची आणि ते सिमेंट शेकडो कोसांवरच्या शहरांनी वापरायचे, अशी ही विभागणी आहे.

वाळूची गोष्ट याहून जवळची आहे, आणि ग्रामीण भागात काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना ती सांगावी लागत नाही. गोदावरी, भीमा, गिरणा, तापी, वैनगंगा यांच्या पात्रांतील वाळू ही शहरातल्या माणसाला केवळ बांधकामाचा माल वाटते. नदीकाठच्या गावासाठी ती पाण्याची टाकी असते. दख्खनच्या काळ्या पाषाणात पाणी धरून ठेवण्याची शक्ती मुळात बेताची आहे. पावसाळ्यात आलेले पाणी वाळूच्या थरात मुरते, वैशाखात पात्र कोरडे दिसत असतानाही आत ओल राहते, बायका झिरे खणून हंडे भरतात आणि काठावरच्या विहिरी त्या ओलीवर तग धरतात. वाळू उपसली की ही टाकीच उचलून नेली जाते. पात्र खोल जाते, विहिरींचे पाणी त्याच्या मागोमाग खाली उतरते, काठ ढासळतात. पुढच्या वर्षी त्याच गावाला टँकर लागतो आणि त्याचा खर्च दुष्काळ निवारणाच्या खात्यावर पडतो. वाळू नेणाऱ्याच्या हिशेबात तो कोठेही दिसत नाही.

सरकारने यावर काही केलेच नाही असे नाही. २०१० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने राज्यातील वाळू उपशाला मनाई केली होती. २७ फेब्रुवारी २०१२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दीपक कुमार खटल्यात पाच हेक्टरांपेक्षा लहान खाणपट्ट्यांनाही पर्यावरण परवानगी सक्तीची केली. त्यानंतर केंद्राने २०१६ आणि २०२० मध्ये मार्गदर्शक सूचना काढल्या. महाराष्ट्राने २०२३ मध्ये सरकारी आगारांतून ६०० रुपये ब्रास या दराने वाळू विकण्याचे धोरण आणले आणि दोनच वर्षांत, २०२५ मध्ये, ते मागे घेऊन पुन्हा लिलावाकडे वळण घेतले. या काळात रात्रीचे डंपर थांबले नाहीत आणि ते अडवायला गेलेल्या तलाठी-तहसीलदारांवर हल्ले होण्याचेही थांबले नाही. धोरण कधी भाव बांधून देते, कधी लिलाव करते. एका वर्षात पावसाबरोबर जेवढी वाळू पात्रात नव्याने येते तेवढीच उचलायची आणि त्यापलीकडे मागणीलाच लगाम घालायचा, हा विचार कागदावर उमटला तरी व्यवहारात शिरत नाही. आता नदीच्या वाळूऐवजी दगड दळून केलेली कृत्रिम वाळू वापरण्याचा आग्रह धरला जात आहे. नदी वाचेल हे खरे. पण तो दगड डोंगरातून येतो. मागणी तेवढीच राहिली तर ओझे एका खांद्यावरून दुसऱ्या खांद्यावर जाते, एवढेच.

डोंगर फोडणाऱ्या माणसांविषयी थोडे बोलले पाहिजे. पुण्याजवळच्या वाघोलीच्या दगडखाणींवर पिढ्यानपिढ्या खपलेले वडार कुटुंब, ठाणे-पालघरच्या वीटभट्टीवर दिवाळीनंतर मुलाबाळांसह जाणारा आणि घेतलेली उचल फेडता फेडता पावसाळ्याच्या तोंडाशी रिकाम्या हाताने परतणारा कातकरी, आणि शहराच्या नाक्यावर सकाळी सात वाजता मुकादमाची वाट पाहणारा बिगारी हे सर्व एकाच साखळीचे दुवे आहेत. वेठबिगार निर्मूलनाचा कायदा १९७६ चा आहे आणि फरिदाबादच्या दगडखाणींतील वेठबिगारांविषयीचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल १९८३ चा आहे. बांधकाम कामगारांसाठी १९९६ मध्ये स्वतंत्र कायदा झाला, बांधकामाच्या खर्चावर उपकर बसला, महाराष्ट्रात तो एक टक्का राहिला आणि येथे कल्याणकारी मंडळ स्थापन होण्यास २०११ साल उजाडले. २१ नोव्हेंबर २०२५ पासून हा कायदा नव्या कामगार संहितांमध्ये विलीन झाला आहे आणि उपकराची रक्कम आता मालकाने स्वतःच आकारून भरायची आहे. या उपकराच्या नियमांतील एक बारकावा येथे महत्त्वाचा आहे. १९९८ च्या नियमांनी बांधकामाचा खर्च मोजताना जमिनीची किंमत वगळली. म्हणजे ज्या घटकात सर्वाधिक पैसा आहे त्या घटकाने कामगाराला काहीही देणे लागत नाही, हे सुरुवातीलाच ठरून गेले.

के. विल्यम कॅप या अर्थशास्त्रज्ञाने १९५० साली खासगी उद्योगांच्या सामाजिक खर्चावर एक ग्रंथ लिहिला. उद्योगाचा नफा पुष्कळदा कार्यक्षमतेतून येत नाही, दुसऱ्याच्या अंगावर ढकललेल्या खर्चातून येतो, असे त्याचे प्रतिपादन होते. बांधकामाइतके त्याचे स्वच्छ उदाहरण सापडणे कठीण. नदी, डोंगर, वडाराची फुप्फुसे आणि शेवटी शहराची हवा यांपैकी कोणाचेही बिल सदनिकेच्या किमतीत नसते. एवढ्यावर थांबले तर उपाय सोपा वाटतो: प्रत्येक गोष्टीवर कर लावावा, किंमत वाढेल, वापर कमी होईल. ए. सी. पिगूपासून पाठ्यपुस्तके हेच शिकवीत आली आहेत. परंतु मोठ्या शहरात हा उपाय लंगडा पडतो, कारण तेथे घराची किंमत सिमेंट-वाळूने ठरतच नाही.

एक काल्पनिक पण व्यवहाराशी जुळणारे उदाहरण घेऊ. एक हजार चौरस मीटरचा भूखंड आहे, चटईक्षेत्र निर्देशांक एक होता तेव्हा त्यावर पन्नास चौरस मीटरच्या वीस सदनिका झाल्या. पुढे निर्देशांक, अधिमूल्य भरून मिळणारे क्षेत्र आणि हस्तांतरणीय हक्क धरून तेथे तीन हजार चौरस मीटर बांधता येऊ लागले. जुन्या वीस कुटुंबांना पस्तीस टक्के जादा जागा फुकट दिली तरी त्यांचे क्षेत्र १,३५० चौरस मीटर होते. विकायला १,६५० चौरस मीटर उरतात. चौरस मीटरला दोन लाख रुपये भाव धरला तर तेहतीस कोटी रुपये येतात. तीन हजार चौरस मीटरचे बांधकाम चाळीस हजार रुपये दराने बारा कोटींत होते. उरलेल्या एकवीस कोटींतून पालिकेचे अधिमूल्य, व्याज, रहिवाशांचे भाडे, त्यांचा ठेव निधी आणि विकासकाचा नफा निघतो. आता वाळू आणि सिमेंट दीडपट महाग केले तरी या गणितात फारसा फरक पडत नाही. आणि या साऱ्या आकडेमोडीत जुन्या इमारतीची प्रकृती कोठे आली? ती कोठेच आली नाही. खांब मजबूत असोत वा पोखरलेले असोत, उत्तर तेच राहते. कामगारांचा उपकर मात्र बारा कोटींवर एक टक्का, म्हणजे बारा लाख रुपये.

ठेकेदारांचा ठोकताळा असा की साध्या इमारतीला चौरस फुटामागे सुमारे चार-दशांश पोते सिमेंट आणि दीड घनफूट वाळू लागते. उंच इमारतीला अधिक. त्या हिशेबाने वरील नव्या इमारतीत सुमारे तेरा हजार पोती सिमेंट आणि साडेचारशे-पाचशे ब्रास वाळू जाईल. जुनीतील चार हजारांवर पोती राडारोडा होऊन बाहेर पडतील. तो राडारोडा रात्री खाडीच्या दलदलीत आणि तिवरांत ओतला जातो, हे मुंबईला नवे नाही. राडारोड्याच्या विल्हेवाटीचे नियम २०१६ मध्ये झाले होते. १ एप्रिल २०२६ ही अंमलाची तारीख ठरवणारे आणि वीस हजार चौरस मीटरवरच्या प्रकल्पांवर जबाबदारी टाकणारे नवे नियम २०२५ मध्ये जाहीर झाले. उदाहरणातील इमारत त्या मर्यादेच्या कितीतरी खाली आहे, आणि उपनगरांतील पुष्कळ पुनर्विकास अशाच आकाराचा असतो.

तंत्रज्ञान यातून मार्ग काढील, असे मानणाऱ्यांसाठी एक साधा गुणाकार पुरे आहे. सिमेंटमध्ये औष्णिक वीजकेंद्रांची राख पस्तीस टक्क्यांपर्यंत मिसळता येते आणि मिसळली जाते. समजा, त्यामुळे प्रत्येक पोत्यामागचा कार्बन वायू एक-तृतीयांशाने घटला. पण त्याच काळात इमारतीचे आयुष्य साठ वर्षांवरून तीस वर्षांवर आले. साठ वर्षांत आता एकाऐवजी दोन इमारती बांधाव्या लागतात. दोनांचा दोन-तृतीयांश म्हणजे एक पूर्णांक एक-तृतीयांश. तंत्रज्ञानाने दिलेले सगळे गमावून वर तेहतीस टक्क्यांचा तोटा. आणि नवी इमारत जुनीच्या तिप्पट मोठी असते हे यात धरलेलेच नाही. (राखेविषयीही फार कौतुक नको. जुलै २०२२ मध्ये कोराडीच्या राखेच्या तलावाचा बांध खसाळ्याला फुटला तेव्हा ती राख नदीनाल्यांत आणि शेतांत गेली होती.)

जमिनीच्या वाढत्या मूल्याने इमारतीचा बळी घ्यावा, हा काही निसर्गनियम नाही. तो धोरणाने घडवलेला आहे, आणि त्याआधी वेगळे धोरणही येथे होते. १९६९ साली मुंबईत इमारत दुरुस्ती व पुनर्रचना मंडळाचा कायदा झाला तेव्हा १९,६४२ जुन्या इमारती उपकरप्राप्त म्हणून धरल्या गेल्या. भाडेकरू आणि मालक यांच्याकडून उपकर घ्यायचा, सरकारने भर घालायची आणि इमारती दुरुस्त करून त्यांचे आयुष्य वाढवायचे, ही त्या कायद्यामागची कल्पना होती. दुरुस्ती हे सार्वजनिक कर्तव्य आहे असे तेव्हा शासन मानीत होते. ही योजना पैशाअभावी आणि दिरंगाईमुळे खुरटली, १९४७ च्या भाडे नियंत्रणाने गोठलेल्या भाड्यांत मालकाला दुरुस्तीत रस उरला नाही, हेही तितकेच खरे. पण तिचा निधी वाढवण्याऐवजी १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीने आणि तिच्या पुढच्या दुरुस्त्यांनी वेगळीच वाट धरली. सरकारने तिजोरीतून काही द्यायचे नाही, जादा चटईक्षेत्र द्यायचे आणि बाजाराने इमारत पाडून नवी उभारायची. २०१८ च्या नियमावलीत उपकरप्राप्त इमारतींना तीन निर्देशांक आहे, आणि सहकारी गृहनिर्माण संस्थांच्या इमारतींना पुनर्विकासाची सवलत मिळण्यासाठी तीस वर्षांचे वय पुरेसे आहे. निकष वयाचा ठेवला आहे, प्रकृतीचा नाही. माणसांना असा नियम लावला तर साठीनंतर कोणी दवाखान्यात जाण्याचे कारण उरणार नाही.

यावर एक आक्षेप येईल आणि तो गंभीरपणे घेतला पाहिजे. ३१ ऑगस्ट २०१७ रोजी भेंडी बाजारातील हुसैनी इमारत कोसळून ३३ माणसे मेली. अशा इमारतींखाली राहणाऱ्यांना पर्यावरणाचे धडे देण्याचा अधिकार कोणालाही नाही. बी.डी.डी. चाळींचेही तसेच आहे. वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी येथील या २०७ चाळी १९२० च्या दशकात बांधल्या गेल्या. एकशेसाठ चौरस फुटांच्या खोलीत तीन-तीन पिढ्यांनी काढलेल्या आयुष्याची भरपाई पाचशे चौरस फुटांच्या घरानेही पुरी होत नाही. १४ ऑगस्ट २०२५ रोजी वरळीत पहिल्या ५५६ कुटुंबांना चाव्या मिळाल्या याचा आनंदच मानला पाहिजे. पण या चाळींकडून एक गोष्ट शिकण्यासारखी आहे. त्या काँक्रीटच्या होत्या आणि समुद्राच्या खाऱ्या हवेत त्यांनी सुमारे शंभर वर्षे काढली. गिरणी कामगारांच्या वाट्याला आलेले काँक्रीट शंभर वर्षे चालले, कारण त्याच्याखालच्या जमिनीकडे एवढ्या काळात कोणाचे लक्ष गेले नव्हते. मध्यमवर्गाचे काँक्रीट तीस वर्षांत थकते, याचे कारण रसायनशास्त्रात सापडणार नाही.

जुन्या इमारतीतील रहिवासी लोभी असतात, असा याचा अर्थ काढू नये. चौथ्या मजल्यावर उद्वाहक नसलेल्या घरात राहणाऱ्या सत्तरीच्या जोडप्याला उद्वाहक हवा असतो. गळती थांबायला हवी असते, मुलाचे लग्न झाले म्हणून एक खोली जास्त हवी असते. या गरजा दुरुस्तीने, जिन्याशेजारी उद्वाहकाचा मनोरा बांधून, क्वचित एखादा मजला चढवून पुष्कळ अंशी भागू शकतात. पण त्यासाठी संस्थेला कर्ज द्यायला बँक सहसा उत्सुक नसते, अनुदान द्यायला सरकार नसते आणि कमी नफ्याचे काम घ्यायला चांगला ठेकेदार मिळत नाही. पाडायचे ठरवले तर सगळे दारात उभे असतात. रहिवाशाला मिळणारे स्वातंत्र्य एवढेच.

यात शासन तटस्थ पंच असते तरी गोष्ट निराळी होती. ते भागीदार झाले आहे. चटईक्षेत्राचे अधिमूल्य हा पालिका आणि सरकार यांच्या उत्पन्नाचा मोठा मार्ग बनला आहे. २०२१ मध्ये बांधकाम व्यवसाय मंदावला तेव्हा सरकारने हे अधिमूल्य वर्षभरासाठी निम्मे केले. दुरुस्तीसाठी अशी तातडी कधी दिसली नाही. हरित प्रमाणपत्राचे तर त्याहून नवल आहे. मुंबईबाहेरच्या राज्यासाठी २०२० मध्ये जी एकीकृत विकास नियमावली लागू झाली, तिच्यात हरित मानांकन मिळवणाऱ्या इमारतीला मूळ निर्देशांकावर तीन ते सात टक्के जादा चटईक्षेत्राचे बक्षीस ठेवलेले आहे. म्हणजे सिमेंट-वाळू वाचवल्याबद्दल आणखी सिमेंट-वाळू वापरण्याची मुभा. चाळीस वर्षे जुनी इमारत दुरुस्त करून आणखी तीस वर्षे वापरणारी गृहनिर्माण संस्था खऱ्या अर्थाने हरित असते. तिला त्या तक्त्यात बक्षीस नाही.

कायद्याची दृष्टीही अशीच आहे. १४ सप्टेंबर २००६ च्या पर्यावरण आघात मूल्यमापन अधिसूचनेनुसार वीस हजार चौरस मीटर आणि त्यावरील बांधकाम प्रकल्पांना पर्यावरण परवानगी लागते. धरण, खाण किंवा कारखाना असेल तर सार्वजनिक सुनावणी होते, गावकरी मंडपात येऊन विरोध नोंदवू शकतात. बांधकाम प्रकल्पांना या सुनावणीतून सूट आहे. वस्तीतील माणसाला आपल्या शेजारी काय उभे राहणार हे पत्र्याचे कुंपण लागल्यावर कळते. विनापरवाना काम सुरू करून मागाहून परवानगी घेण्याच्या प्रथेला सर्वोच्च न्यायालयाने १६ मे २०२५ रोजी मनाई केली होती. १८ नोव्हेंबर २०२५ रोजी दोन विरुद्ध एक अशा बहुमताने तो निकाल मागे घेण्यात आला. बहुमताच्या कारणांपैकी एक असे होते की, उभ्या राहिलेल्या इमारती पाडल्या तर सुमारे वीस हजार कोटी रुपयांचे सार्वजनिक प्रकल्प मातीत जातील आणि पाडापाडीने पर्यावरणाचीच हानी होईल. नियम मोडून बांधलेल्या इमारतीच्या बाजूने हा युक्तिवाद मान्य होत असेल, तर नियम पाळून बांधलेल्या आणि चाळीस वर्षे प्रामाणिकपणे उभ्या असलेल्या इमारतीच्या बाजूने तो का मांडला जाऊ नये?

मुळाशी जमिनीचा प्रश्न आहे. रिकार्डोने ज्याला खंड म्हटले आणि हेन्री जॉर्जने १८७९ साली ज्याच्यावर एकमेव कर सुचवला, ते शहराच्या जमिनीचे वाढते मूल्य मालकाच्या श्रमाने निर्माण होत नाही. रेल्वे, रस्ते, पाणी आणि भोवती जमलेली लाखो माणसे ते निर्माण करतात. १९१५ च्या मुंबई नगररचना कायद्यातसुद्धा या अनर्जित वाढीतील वाटा समाजाकडे वळवण्याचे तत्त्व होते. १९७६ च्या नागरी जमीन कमाल धारणा कायद्याने एक पाऊल पुढे टाकले. त्यातील पळवाटा जगजाहीर होत्या. तरीही मृणाल गोरे आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या नागरी निवारा परिषदेने गोरेगावला दिंडोशीच्या जमिनीवर कमी उत्पन्नाच्या कुटुंबांसाठी सुमारे सहा हजार घरे उभी करून दाखवली, ती याच कायद्याच्या आधारे झगडून. २९ नोव्हेंबर २००७ रोजी महाराष्ट्राने तो कायदा रद्द केला. जमीन मोकळी झाली की घरे स्वस्त होतील, असे तेव्हा सांगण्यात आले होते. घरे स्वस्त झाली नाहीत.

दुरुस्तीचा आग्रह हा स्वप्नाळूपणा आहे असे म्हणणाऱ्यांनी लातूरकडे पाहावे. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपात सुमारे आठ हजार माणसे दगड-मातीच्या जाड भिंतींखाली आणि माळवदांखाली गेली. त्यानंतर ५२ गावे नव्या जागी वसवली गेली, त्याची चर्चा पुष्कळ झाली. त्याच कार्यक्रमात तेरा जिल्ह्यांतील दीड लाखांहून अधिक घरे जागच्या जागी दुरुस्त आणि मजबूत करण्यात आली, याची चर्चा फारशी झाली नाही. पैसा आणि अभियंत्याचा सल्ला सरकारने दिला, काम कुटुंबाने करून घेतले आणि गावोगावच्या स्त्रियांनी संवाद सहायक म्हणून त्यात भाग घेतला. खेड्यातल्या मातीच्या भिंतींसाठी जे शासन करू शकले, ते शहरातल्या काँक्रीटसाठी करू शकत नाही, हे पटण्यासारखे नाही. केरळात के. एन. राज यांनी उभारलेल्या विकास अभ्यास केंद्राचा परिसर १९७० च्या दशकात लॉरी बेकरने विटांची पोकळ बांधणी आणि कमीत कमी सिमेंट वापरून बांधला. अर्थशास्त्रज्ञांची ती संस्था आजही त्याच इमारतींत काम करते.

कार्यकर्त्यांना यात हात घालण्याजोगे बरेच आहे, आणि त्यातले काही अगदी घराशेजारी आहे. गृहनिर्माण संस्थांच्या आदर्श उपविधीनुसार तीस वर्षांवरच्या इमारतीचे संरचनात्मक परीक्षण दर तीन वर्षांनी व्हावयाचे असते. ते वेळेवर होते का, अभियंता कोणी नेमला, इमारत 'सी-१' म्हणजे अतिधोकादायक ठरवणारा अहवाल सर्व सभासदांना वाचायला मिळाला का, आणि दोन अहवाल परस्परविरोधी असतील तर प्रकरण पालिकेच्या तांत्रिक सल्लागार समितीकडे गेले का, हे प्रश्न सर्वसाधारण सभेत एका सभासदालाही विचारता येतात. विधिमंडळात आणि महापालिकांत मागणी यापुढची हवी. जादा चटईक्षेत्राच्या मूल्यातील ठरावीक हिस्सा १९६९ च्या धर्तीवरील दुरुस्ती निधीत जमा व्हावा. इमारत दुरुस्तीने टिकणार नाही असा जाहीर दाखला मिळाल्याशिवाय पाडण्याची परवानगी आणि जादा चटईक्षेत्र देऊ नये. बांधकाम प्रकल्पांची सुनावणीतून असलेली सूट काढावी. आणि कामगारांचा उपकर केवळ बांधकामाच्या खर्चावर न बसवता जमिनीसकट एकूण विक्रीवर बसवावा. वरच्या उदाहरणात तो बारा लाखांऐवजी तेहतीस लाख रुपये होईल, आणि ज्या कुटुंबाने त्या इमारतीची खडी फोडली त्याच्या वाट्याला जमिनीच्या पैशातला पहिला रुपया येईल.